हंबीररावांसाठी चिठ्ठी

डॉ. कुमुद टाकळकर तीस वर्षं रानवडगावात बायकांची बाळंतपणं करून खासदार झाल्या, तरी त्यांच्या पर्समधलं चिठ्ठ्यांचं पॅड काही सुटलं नाही.

एकदा लोकसभेत त्यांनी विचारलं, "रानवडगावच्या सरकारी रुग्णालयात वर्षभर भूल देणारा डॉक्टर नाही. अडलेल्या बाईनं सिझेरियनसाठी नव्वद किलोमीटर जायचं का?"

आरोग्यमंत्री हंबीरराव मिशीवर ताव देत उठले. "बाई, बाळंतपणं करणं वेगळं, देश चालवणं वेगळं. ते रुग्णालय सर्व सोयींनी सज्ज आहे. आटपा आता, उद्या माझं हर्नियाचं ऑपरेशन आहे."

त्यांच्या बाजूची बाकं वाजली. बाईंना मात्र सिझेरियनसाठी नेताना वाटेतच, जीपमध्ये दगावलेली त्यांची रुग्ण गोदा आठवली. त्यांनी पॅड काढलं आणि मोठ्यानं उच्चारत लिहिलं, "रुग्ण हंबीरराव. हर्निया. ऑपरेशनसाठी रानवडगावला पाठवत आहे." सही ठोकून चिठ्ठी त्यांनी मंत्र्यांकडे धाडली. "साहेब, उद्या तिथेच जा. इतकं सज्ज रुग्णालय दुसरीकडे कुठं मिळणार?"

चिठ्ठी पाहताच हंबीरराव ओरडले, "तिथे? अहो, तिथे भूल द्यायला माणूस नाही!"

हंबीररावांच्याच पक्षाच्या बाकांवरून हशा उसळला.

बाई अध्यक्षांकडे वळल्या. "अध्यक्ष महोदय, रोगी आपल्या तोंडानं दुखणं सांगेपर्यंत आम्ही डॉक्टर थांबतो. यांनी सांगितलं. तेवढं कामकाजात नोंदवून घ्या."

ऑपरेशन अर्थातच दिल्लीत झालं. पण हंबीररावांचे टाके निघायच्या आत रानवडगावात भूलतज्ज्ञ रुजू झाला होता.