तळपायाचं तेवढं नको

"म्हणजे तुम्ही सरकारचं गुपित सांभाळताय, असंच ना?"

कबरस्तानालगतच्या तकियाच्या ओट्यावर बसून दस्तगीरबाबा फाटक्या चादरीला टाके घालतच राहिले.

शाहनवाज शिकलगारनं तोच प्रश्न पुन्हा विचारला. तो पुण्याच्या एका दैनिकाचा बातमीदार. लष्कराच्या खरेदीतला घोटाळा त्यानं बाहेर काढला होता, एका मंत्र्याला घरी बसवलं होतं. आपल्यापुढं कुणी फार वेळ गप्प बसू शकत नाही, असं तो स्वतःच सांगायचा.

या गावाच्या वरच्या माळावर लष्कराचं गोळीबाराचं मैदान होतं. सराव संपला की तिथं पडलेलं पितळ वेचायला गावातली पोरं चोरून जायची. एक दिवस तिघं गेले ते परतले नाहीत. जुना गोळा हाताळताना फुटला, असं सरकार म्हणत होतं. पोरांना धरून नेलं, असं गाव म्हणत होतं. दोघं मेले होते. तिसरा, लियाकत, लष्कराच्या इस्पितळात होता. त्याला कुणालाच भेटू देत नव्हते.

त्या दोघांना अखेरची आंघोळ बाबांनी घातली होती. गावातली मय्यत तेच धुवायचे.

"त्यांच्या अंगावर काय होतं ते तुम्ही बघितलंय, बाबा."

"हो."

"मग सांगा."

"धुणाऱ्यानं बघितलेलं धुणाऱ्यापाशी राहतं."

"यात फायदा कुणाचा? ज्यांनी मारलं त्यांचाच ना? मेलेल्यांच्या अब्रूआड सरकार लपून बसलंय."

बाबांचा हात थांबला…

"खरं आहे," ते म्हणाले.

"मग?"

"मग काही नाही. खरं आहे."

शाहनवाज उठला. तुमच्यासारख्या भित्र्या माणसांवरच हे राज्य चाललंय, असं चारचौघांत ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाला.

बाबांनी ऐकून घेतलं.

त्याच आठवड्यात लियाकत घरी आला. पोलिसांच्या गाडीतून, शिवलेल्या कापडात.

"उघडायचं नाही," फौजदार म्हणाला. "वरून हुकूम आहे. सरळ माती द्यायची."

बाबा गाडीपुढं जाऊन उभे राहिले.

"न धुता मी कुणाला माती दिलेली नाही, साहेब."

"हुकूम आहे म्हटलं ना!"

"माझ्यावरही आहे."

त्यांच्यामागं सगळं गाव येऊन थांबलं होतं. फौजदारानं गर्दीवरून नजर फिरवली.

"दोघंच आत जा. आणि लवकर आटपा."

बाबांनी गर्दीतल्या शाहनवाजकडं बोट केलं.

"हा कोण?"

"पाणी घालणारा."

शाहनवाजला आता कुणाच्या तोंडाकडं बघायची गरज नव्हती. आता तो स्वतः बघणार होता.

तकियातल्या पत्र्याच्या खोलीत बाबांनी टाके कापले. कापड बाजूला केलं. कमरेवर स्वच्छ पंचा टाकला आणि मगच लियाकतच्या अंगाला हात लावला.

गोळा फुटल्याची एकही जखम नव्हती. दोन्ही मनगटांभोवती दोराचे काळे वळ होते. कुशीवर वळवला तेव्हा काळीनिळी पाठ दिसली.

शाहनवाजचा हात खिशातल्या मोबाईलकडं गेला.

"दोन्ही हात लागतील," बाबा म्हणाले.

त्यानं हात काढून घेतला. तांब्या भरला. बाबांनी पाण्याची धार आधी स्वतःच्या मनगटावर घेऊन बघितली.

मग ते पायांशी आले…

तळपाय बघितल्यावर शाहनवाजनं तोंड फिरवलं. पाणी भलतीकडंच सांडलं.

"हळू," बाबा म्हणाले. "दुखेल त्याला."

कफनाची शेवटची गाठ बाबांनी शाहनवाजला बांधायला लावली.

बाहेर भिंतीशी लियाकतची आई बसली होती. जैतुनबी. दफन उरकून बाबा परत आले तेव्हाही ती तिथंच होती.

"कसा दिसत होता, बाबा?"

"झोपला होता, माय."

तिनं मान हलवली.

संध्याकाळी शाहनवाज तकियात आला. त्याचा सूर उतरला होता.

"बाबा, आता तर मीही धुणारा झालो… मी लिहू का?"

"मला काय विचारतोस? माझं आहे का ते?"

"मग कुणाला विचारू?"

बाबांनी भिंतीशी बसलेल्या बाईकडं नुसतं बघितलं.

मंत्र्याला घरी बसवणारा तो माणूस जैतुनबीसमोर उकिडवा बसला. मग त्यानं सांगितलं. मनगटं. पाठ. पाय. काही गाळलं नाही.

ती रडली नाही.

"पाणी कोमट होतं का रे?" तिनं विचारलं. "त्याला गार सोसायचं नाही."

"होतं, अम्मा. बाबांनी हातावर घेऊन बघितलं होतं."

"बरं झालं…"

ती पदराच्या टोकाला पीळ देत राहिली.

"झोपला होता म्हणाले, तेव्हाच मी ओळखलं. झोपलेल्या पोराचं तोंड आईला दाखवतात." मग ती म्हणाली, "लिही तू. माझं नाव घालून लिही. पण तळपायाचं तेवढं नको. ते माझ्याकडं राहू दे."

"अम्मा, तोच तर सगळ्यात मोठा पुरावा—"

"राहू दे."

शाहनवाजनं बातमी लिहिली. संपादकानं दोनदा विचारलं, आणखी काही होतं का? दोन्ही वेळा तो नाही म्हणाला. तीस-पस्तीस माणसांच्या त्या कचेरीत तो पहिल्यांदाच खोटं बोलत होता, आणि तेही खरं छापून आणण्यासाठी.

बातमी पहिल्या पानावर आली, जैतुनबीच्या नावानिशी, शाहनवाजच्या नावाशिवाय. विधानसभेत आरडाओरड झाली, चौकशी नेमली गेली. लष्करानं खुलासा केला: स्फोटाच्या धक्क्यानं मुलगा भ्रमिष्ट झाला होता, हातपाय झाडत होता, म्हणून त्याला खाटेला बांधावं लागलं. वळ त्याचेच. पडून राहिल्यानं पाठ काळी पडली.

चौकशी मिटली.

तळपायांबद्दल असा खुलासा कुणाला करता आला नसता.

मग पोलीस तकियात आले. शिवलेलं कापड हुकूम मोडून उघडलं, म्हणून बाबांना घेऊन गेले. पाणी घालणारा कोण होता, ते सांगा, म्हणाले. अंगावर फुटलेल्या गोळ्याच्या जखमा बघितल्या, असं लिहून द्या, म्हणाले. बाबांनी शाहनवाजचं नाव सांगितलं नाही आणि त्यांना हवं ते लिहूनही दिलं नाही.

काही महिन्यांनी ते सुटून आल्याचं कळताच शाहनवाज धावत गावी आला.

बाबा ओट्यावर बसले होते. दोन्ही हात मांडीवर होते. मोडलेली बोटं वाकडी जुळून आली होती. मिटत नव्हती, उघडतही नव्हती.

शाहनवाज त्यांच्या पायांशी बसला.

"माझ्यामुळं झालं हे, बाबा."

बाबांनी हात चादरीखाली सारले.

"ती एक ओळ मी लिहिली असती, तर त्यांना पळवाट राहिली नसती. तुमचे हात वाचले असते. त्या दोन पोरांनाही न्याय मिळाला असता. एका आईचं ऐकलं आणि सगळं घालवलं… मी चुकलो का?"

बाबा माळाकडं बघत होते.

"नाही ऐकलं असतं तर बरोबर ठरलो असतो का? तेवढं तरी सांगा!"

खालच्या आळीतून माणसांचा घोळका वर येत होता. पुढच्या चौघांच्या खांद्यावर बाज होती. बाजेवर घोंगडी टाकलेली. घोंगडीबाहेर एक हात लोंबत होता, तरण्या माणसाचा. शाहनवाज उभा राहिला.

"माळावरून?"

पुढच्या एकानं मान डोलावली. बाज पत्र्याच्या खोलीत नेऊन ठेवली आणि माणसं बाहेर येऊन भिंतीकडेला उभी राहिली. या वेळी पोलिसांच्या आधी गावच पोचलं होतं.

शाहनवाजचे डोळे पेटले.

"बाबा, आता मी काही गाळणार नाही. कुणाला विचारणार नाही. पाय, पाठ, तोंड, सगळं लिहीन. आजच लिहीन!"

बाबा कष्टानं उठले. खोलीच्या दारापर्यंत गेले. भरलेली बादली उचलायला वाकले, पण कडी बोटांत धरता आली नाही. ती खणकन बादलीवर आदळली.

ते तसेच वाकलेले राहिले… मग बाजूला सरले आणि शाहनवाजला वाट करून दिली.

"लिहिशील नंतर. आधी धू."