ठकू साळूच्या बिळाचं पान

आपल्यापासून फार लांब नाही, असं एक जंगल होतं. तिथे सिंह निवडणुकीने राजा व्हायचा. उमेदवार एकच असल्यामुळे मतमोजणी लवकर आटपायची आणि सगळे वेळेवर जेवायला घरी पोचायचे.

कुठलं बीळ कुणाचं, याचं दप्तर घोरपडबाईंकडे होतं. घोरपड एकदा धरलं की सोडत नाही, हा गुण पाहूनच त्यांची नेमणूक झाली होती. प्रत्येक बिळाला एक पान, आणि पानावर कोळशाने केलेल्या नोंदी.

ठकू नावाची साळू टेकडीखालच्या बिळात दोन पिल्लांसह राहायची. बीळ तिच्या आजीने उकरलेलं. एके दिवशी लांडग्याने दावा ठोकला की आपले आजोबा तिथे एकदा शिंकले होते, सबब बीळ आपलं वडिलोपार्जित. घोरपडबाईंनी त्याच दुपारी पानावर लिहिलं, 'लांडग्याचा दावा आहे.'

खटला हत्ती न्यायाधीशांपुढे चार वर्षं चालला. शिंकेने मालकी येत नाही, असं सांगून त्यांनी दावा रद्द केला. तोवर लांडगाही कंटाळला होता. ठकूने त्या दिवशी पिल्लांना पोटभर कंद खाऊ घातले. बिचारीला वाटलं, सुटलो.

निकाल घेऊन ती दप्तरात गेली. घोरपडबाईंनी तो नीट वाचला, हुंगलाही. नोंद काढायची तर अर्ज करा, म्हणाल्या. ठकूने अर्ज केला. बाईंनी पानावर लिहिलं, 'बिळाबाबत अर्ज आला आहे.' बिळाबाबत जे येईल ते पानावर चढवायचं, असा नियम होता. उतरवायचा नियम करायचा राहून गेला होता.

ठकूने पहिल्या अर्जाची नोंद काढण्यासाठी दुसरा अर्ज केला. तोही चढला. मग तिने लांडग्यालाच समजावून सोबत आणलं. त्या बिळाशी आपला काही संबंध नाही, असं तो तोंडाने म्हणाला. बाईंनी लिहिलं, 'लांडगा बिळाबाबत समक्ष हजर.' असं करता करता पानावर नऊ ओळी झाल्या. कागदावर इतकं वादग्रस्त बीळ जंगलात दुसरं नव्हतं, आणि भांडत तर कुणीच नव्हतं.

तेवढ्यात निवडणूक आली. सिंह खडकावर चढला.

"बंधू-भगिनींनो, वादांनी या जंगलाचं वाटोळं केलंय. तुमची भांडणं मला बघवत नाहीत. ज्या बिळाच्या पानावर एकाहून जास्त ओळी असतील, ते बीळ आजपासून सरकारच्या मायेखाली!"

'वादमुक्त बीळ, सुखी जंगल' अशा घोषणा माकडांनी दिल्या. हत्ती न्यायाधीशांनी मान डोलावली. ते महिनाभरात निवृत्त होणार होते आणि पाणवठा मंडळाचं अध्यक्षपद रिकामं होतं.

तिसऱ्या दिवशी तरस शिपाई आले. ठकूने निकाल दाखवला. निकाल खरा आहे, पण दप्तरात तसं दिसत नाही, असं म्हणून त्यांनी पिल्लं एकेक करून बाहेर ठेवली. मला हे सांगतानाही राग येतो. ठकू मात्र रागावली नाही, ती पिल्लांच्या अंगावरची माती झटकत बसली.

आठवड्याच्या आत ते बीळ राजाच्या भाच्याला, बिबट्याला, मिळालं. बिबट्या बिळात मावत नाही, पण पान त्याच्या नावावर झालं. घोरपडबाईंनी लांब जीभ काढून एकदाच फिरवली. नऊच्या नऊ ओळी गेल्या, पान कोरं करकरीत.

ठकू पिल्लांना घेऊन दप्तराच्या दारात उभी होती.

"बाई, माझी एक ओळ तुम्हाला पुसता आली नाही. बिबट्याच्या नऊ कशा पुसल्या?"

घोरपडबाईंनी जिभेवरचा कोळसा पुसला.

"त्यांनी अर्ज कुठे केला, ठकूताई?" त्या म्हणाल्या. "अर्ज केला असता तर नोंद घ्यावी लागली असती."