ओल्या कुरडया आणि मोगऱ्याची परी

आमच्या शेजारी रेवती नावाची गरीब, गुणी मुलगी राहायची. आईबाबा नव्हते. मामीकडे राहून, नागपूरच्या रणरणत्या उन्हात ती घरोघरच्या कुरडया घालून द्यायची. गच्चीवर प्यायला एकच बाटली पाणी; त्यातलं अर्धं ती कुंडीतल्या सुकलेल्या मोगऱ्याला पाजायची.

लागूनच्या गच्चीवर, टाकीच्या इवल्याशा सावलीत, तुषार अभ्यास करायचा. सुट्टीपुरता आत्याकडे आलेला. कुरडयांवरचे कावळे हाकलायचं काम त्याने आपणहून घेतलं होतं. दोघांचं बोलणं एवढंच:

"वाळल्या?"

"नाही अजून."

वाळतील कशा? दुपारी पोरगी हळूच त्यांच्यावर पाणी शिंपडायची! वाळल्या की गच्चीवर यायला कारणच उरलं नसतं.

"रेवती, या उन्हात दगड तडकतात, अन् माझ्याच कुरडया ओल्या?" मी विचारलं.

"हवा दमट आहे, काकू."

एका दुपारी तुषार खांद्यावर बॅग घेऊन आला. कठड्याशी घुटमळला. "येतो मग," म्हणाला आणि जिन्याकडे वळला.  रेवतीने डोळे पुसले आणि उरलेलं सगळं पाणी मोगऱ्याला घातलं.

टुक्‌कन एक कळी उमलली! आतून बोटाएवढी परी निघाली. दुधासारखे पंख, हिरवागार परकर, केसांत चमचमते थेंब. मी इकडच्या जिन्याच्या दारात होते, म्हणून सांगते.

"तू मला जगवलंस, बाळा. एक इच्छा माग. पण स्वतःसाठी नाही. आणि ज्याच्यासाठी मागशील, त्याला ऐकू गेलं पाहिजे."

"अगं बाई! त्याला ऐकू?"

"हळू मागितलेलं मला देता येत नाही गं."

तुषारची पावलं जिना उतरू लागली. रेवतीने डोळे मिटले आणि ओरडली, "तुषारला वाटेत ऊन लागू नको दे!"

पावलं थांबली. पिवळ्याजर्द आभाळात एक निळासावळा ढगुला तरंगत आला. तुषार परत वर आला, कान लालबुंद.

"आणि तुला ऊन लागत नाही?"

"मला सवय आहे."

"पुढच्या उन्हाळ्यात येईन मी. तोवर कुरडया वाळतील?"

"नाही," रेवती म्हणाली. "ओल्याच ठेवीन."

परी खुदकन हसली, चांदीसारखी लखलखली आणि त्या उजेडातच विरून गेली. ढगुला तुषारच्या डोक्यावर सावली धरून एसटी स्टँडपर्यंत गेला.

पुढच्या उन्हाळ्यात तो आला. मोगरा पांढराशुभ्र बहरला होता. माझ्या कुरडया मात्र तेव्हाही ओल्याच होत्या.