बंदुकीच्या दिवसांतलं फडकं

“म्हणजे मी बैराग्यासारखं भगवं गुंडाळून शिकारीला जायचं?”

हैबतीनं विचारलं आणि हातातलं फडकं परत पुढं केलं.

सिद्धगिरी महाराजांनी ते घेतलं नाही. मठीच्या ओट्यावर बसून ते एका बाणाची पिसं सारखी करत होते.

“डोक्याला बांध. उरलेलं छातीवर घे,” ते म्हणाले.

महाराज गोसावी. त्यांच्या आखाड्यात शस्त्रं पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली, म्हणून पाटला-सरदारांची पोरं डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या या मठीत धनुष्य शिकायला येत. संन्यास घेतल्यापासून महाराजांनी स्वतः एकाही जनावरावर बाण सोडला नव्हता. शिष्यांना मात्र ते अडवत नसत.

वर्षभर ते रान धनुष्यवाल्यांचं. माघात संस्थानचे पाहुणे बंदुका घेऊन येत, हलग्या वाजवत जनावरं उठवणारा हाका निघे आणि डोंगर दणाणून जाई. तेवढ्या दिवसांपुरता मठीचा नियम होता. रानात जाणाऱ्या धनुष्यवाल्यानं अंगावर भगवं घ्यायचं, कुठं बसणार ते सांगून जायचं, आणि शिकार मिळाली तर तीही भगव्यात झाकून आणायची.

बाकीचे शिष्य निमूट बांधत. हैबती निमूट काही करणाऱ्यातला नव्हता. नेमबाजीत त्याच्या तोडीचा मठीत कुणी नव्हता, आणि हे त्याला दुसऱ्या कुणी सांगावं लागत नव्हतं.

“महाराज, तुम्हीच शिकवलंत. दिसला तो शिकारी नव्हे. इतकी वर्षं मी तेवढंच तर शिकलो. दिसायचं नाही.”

“कुणाला?”

“जनावराला.”

“मग भेकराला भगवं कुठं कळतं? त्याला हललेलं कळतं, वास कळतो. भगवं कळतं ते माणसाला.”

 हैबती अडूनच बसला.

“बंदूकवाल्याला डोळे नाहीत का?” तो म्हणाला. “मी बाण सोडतो तो जनावराचा डोळा बघून सोडतो. त्यानंही बघावं.”

“तू जवळ जातोस म्हणून तुला डोळा दिसतो. तो समोरच्या टेकाडावरून मारतो. गवत हललं की मारतो.”

“ती त्याची चूक.”

“हो,” महाराज म्हणाले. “चूक त्याची. मढं तुझं.”

त्या दिवशी हैबतीचे वडील येणार होते. शिक्षण पुरं झालं होतं आणि पाटील लेकाला घरी न्यायला निघाले होते. एकुलता एक लेक. बंदुकांच्या दणदणाटात एका बाणात पाडलेलं भेकर वडिलांच्या पायाशी ठेवायचं, असं हैबतीनं मनाशी ठरवलं होतं. डोक्याला भगवं बांधून तो थाट कसा जमायचा? वडिलांनी बघावं आणि लेक बैरागी झाला म्हणून कपाळावर हात मारून घ्यावा, एवढंच व्हायचं.

“कुठं बसणार?” महाराजांनी विचारलं.

“शिकारी सांगून बसतो होय?”

“या दिवसांत सांगून बसतो.”

“... जांभळीच्या घळीत.”

“आणि भेकर मिळालं तर?”

“खांद्यावर घालून आणीन.”

“झाकून?”

 हैबतीनं फडक्याची नीट घडी घातली आणि ते पायरीवर ठेवलं. मग मातकट घोंगडी पांघरली, धनुष्य उचललं आणि तो चालू लागला. शिकवलेलं अंगात पुरतं मुरलं होतं. समोरच्या गवतात शिरल्यावर तो कुठून गेला ते महाराजांनाही दिसलं नाही.

महाराजांनी हाक मारली नाही.

दुपारी पाटील आले. घोडं बांधलं, पायांवर पाणी घेतलं, महाराजांना नमस्कार केला.

“आमचा हैबती कुठं दिसत नाही?”

“रानात गेलाय.”

तेवढ्यात डोंगरात एक बार झाला. घोडं बिचकलं. पाटलांनी त्याच्या मानेवर हात ठेवला.

“महाराज... आज तर बंदुका चालू आहेत. काही घालून गेलाय ना अंगावर?”

महाराजांनी पायरीकडे पाहिलं. पाटलांनीही पाहिलं. भगव्या फडक्याची सकाळची घडी तशीच होती.

पाटील तिथंच पायरीवर बसले. गावात शंभर माणसांना उभं-आडवं करणारा माणूस नुसता डोंगराकडे बघत राहिला.

इतका वेळ हलग्या पलीकडच्या खोऱ्यात वाजत होत्या. आता आवाज वळला. हाका अलीकडे येऊ लागला, जांभळीच्या बाजूला.

महाराज उठले.

“मीही येतो,” पाटील धडपडत म्हणाले.

“तुमचा फेटा पांढरा आहे, पाटील. भेकर पळतं तेव्हा शेपटीखालचं पांढरंच तेवढं दिसतं. तुम्ही इथंच बसा.”

“पण माझं पोर...”

“इथंच बसा,” महाराज पुन्हा म्हणाले, आणि अंगावरची भगवी छाटी सारखी करून घाईनं रानाची वाट चढू लागले. फडकं पायरीवरच राहिलं.

जांभळीच्या घळीत हैबतीचं काम झालं होतं. भेकर पाण्यावर आलं, त्यानं मान वर केली, आणि बाण पुढच्या फऱ्यामागून थेट काळजात गेला. दुसऱ्या बाणाची गरज पडली नाही. जनावर तडफडलंही नाही. हैबतीनं त्याच्या कपाळाला हात लावून तो आपल्या कपाळाला लावला. हेही मठीतच शिकवलेलं होतं.

मग त्यानं भेकर दोन्ही खांद्यांवर आडवं घेतलं, पुढचे-मागचे पाय छातीशी एका मुठीत धरले आणि तो घळीतून वर आला. वर माळाला कंबरेच्याही वर वाळलेलं गवत होतं. त्याच्या डोळ्यांपुढं मठीची पायरी होती आणि पायरीवर उभे वडील. तो पटपट चालत होता. भेकराचं शिंगांचं डोकं त्याच्या कानाशी डुलत होतं.

गवताच्या वर काय दिसत होतं, याचा विचार त्याच्या मनात आला नाही.

समोरच्या टेकाडावर बार झाला.

खांद्यावर कुणी लाथ घालावी तसा धक्का बसला. हैबती कोलमडला. भेकर त्याच्या अंगावर पडलं. त्यानं चाचपून पाहिलं. रक्त होतं, पण ते भेकराचं. गोळी मेलेल्या जनावराच्या बरगड्यांत शिरून अडली होती. त्याच्या मानेपासून वीतभर अंतरावर.

“लागलं! पडलं!” टेकाडावरून कुणीतरी आनंदानं ओरडलं. “हललं तर अजून एक टाका!”

हैबतीनं ओरडायला हवं होतं.  पण त्यानं त्याला सगळ्यात चांगलं जे येत होतं तेच केलं. तो जमिनीला चिकटला. घोंगडी डोक्यावरून ओढली. श्वास आवरला. हलायचं नाही, दिसायचं नाही... आणि तरी त्याचे पाय कापत होते, आणि पायांबरोबर गवत कापत होतं.

“थांबा!”

आवाज चढावरून आला. मोठा, सावकाश. थोडं थांबून पुन्हा आला.

“थांबा! माणूस आहे!”

हैबतीनं घोंगडीच्या फटीतून पाहिलं. महाराज माळाच्या मधोमध चालत येत होते. वाकले नव्हते, पळत नव्हते. त्या वाळलेल्या माळावर त्यांच्या भगव्या छाटीखेरीज दुसरं काही डोळ्यांत भरत नव्हतं.

टेकाडावरची बडबड बंद पडली. हलग्याही एकेक करत थांबल्या.

महाराज त्याच्या डोक्याशी येऊन उभे राहिले.

“ऊठ.”

“मारतील, महाराज.”

“लपलास तर मारतील.”

“... पाय उचलत नाहीत.”

“मला दिसतायत तुझे पाय. त्यांनाही दिसले असते थोड्या वेळात. पण ते पाय आहेत हे कळलं नसतं. ऊठ.”

हैबती उठला. आयुष्यात पहिल्यांदा तो शत्रूसमोर उभं राहावं तसा रानात उघडा उभा राहिला. त्याला वाटलं, चारी टेकाडांवरून आपल्याकडे बघतायत. आणि खरंच बघत होते.

तो रडत होता. पुसायचंही त्याला सुचलं नाही.

“भेकर घे,” महाराज म्हणाले.

“नको, महाराज. राहू दे इथंच.”

“मारलंयस ना? मग घे.”

त्यानं वाकून भेकर पुन्हा खांद्यावर घेतलं. आता ते फार जड लागत होतं.

महाराजांनी अंगावरची छाटी सोडली. भेकराच्या डोक्यावरून घेतली, शिंगं झाकली, हैबतीच्या डोक्यावरून छातीवर आणली आणि दोन्ही टोकांची गाठ मारली. आई पोराला थंडीत बाहेर पाठवताना मारते तशी, घट्ट.

मग ते वळले आणि पुढं चालू लागले.

अंगावर आता फक्त लंगोटी होती. राख फासलेलं, उन्हानं वाळलेलं म्हातारं अंग. दहा पावलं गेले नाहीत तोच ते त्या गवतात दिसेनासे होऊ लागले. पाठ तेवढी मधूनच हलायची.

हैबतीला ते दिसलं. आज पहिल्यांदा त्याला ते टेकाडावरून दिसावं तसं दिसलं. एक करडी पाठ, गवतातून चाललेली. माणसाची की कशाची, कोण सांगणार?

“महाराज!”

महाराज थांबले नाहीत.

पलीकडच्या खोऱ्यात, दूर, बार झाला. तिकडच्यांना इकडचं काय माहीत असणार?

हैबती धावला. ओझ्यासकट, ठेचकाळत धावला. त्यांना गाठलं, त्यांच्यापुढं गुडघ्यांवर आला आणि एका हातानं छातीवरची गाठ सोडू लागला.  गाठ सुटत नव्हती.

“महाराज, हे तुम्ही घ्या. पाया पडतो... चूक माझी आहे. सगळी माझी आहे. मी उघडा येतो, तुम्ही हे घ्या. तुम्हाला काही झालं तर मी काय करू?”

महाराजांनी त्याचा हात गाठीवरून काढला. धरूनच ठेवला थोडा वेळ. गवतातून वारा गेला. खाली मठीचं छप्पर दिसत होतं आणि पायरीवर एक पांढरा ठिपका होता, दुपारपासून न हललेला.

“संन्यास घेतला तेव्हा माझं श्राद्ध मी माझ्या हातानं घातलंय,” महाराज म्हणाले. “तुझा बाप पायरीवर बसलाय. त्याला ते काम लावू नकोस.”