ब्लफला दंड नाही

एका गावात थापाड्यांची मुळीच टंचाई नव्हती. गावाची त्याबद्दल तक्रारही नव्हती म्हणा! कारण थाप पकडली गेली की दंड ठरलेला: खालच्या विहिरीवरून वीस घागरी पाणी आणून गुरांच्या हौदात ओतायचं. त्यामुळे भर उन्हाळ्यातही हौद काठोकाठ भरलेला असायचा.

या गावातल्या हैबतीने एकदा शेजारच्या सारजाबाईला टोपलीभर शेंगांच्या बदल्यात अंधार पडल्यावर एक कोंबडी दिली. "रोज अंडं देते बघा वहिनी," असंही वर सांगितलं. दुसऱ्या दिवशी पहाटे कोंबडी छपरावर चढली आणि झकास आरवली.

सारजाबाई तो कोंबडा काखोटीला मारून तडक चावडीवर गेली. पाटील म्हणाले, "हैबती, उचल घागर."

हैबती नुकताच शहरात चार दिवस राहून आला होता. तो म्हणाला, "थाप मारली असती तर उचलली असती, पाटील. मी ब्लफ केला."

"म्हणजे रे काय?"

"इंग्रजी आहे. थापेत आपण खोटं बोलतो. ब्लफमध्ये समोरच्याचा आपसूक गैरसमज होतो. शहरात मोठमोठी माणसं करतात, पण त्यांना कुणी घागर उचलायला लावत नाही."

पाटलांना ओ की ठो कळलं नाही. पण चारचौघांत तसं म्हणायचं कसं? मिशीवरून हात फिरवत ते म्हणाले, "ठाऊक आहे मला. ब्लफ होय! मग आधी नाही का सांगायचं? जा घरी."

झालं! आठवड्याभरात गावातली थाप पार नाहीशी झाली. गवळ्याच्या दुधात पाणी नव्हे, ब्लफ असायचा. शिंप्याने लग्न उरकल्यावर नवरदेवाचा सदरा आणून दिला आणि "जरा ब्लफ झाला" म्हणून हसला. दंड कुणालाच होईना. हौद आटला, आटला आणि तळ दिसला.

चैत्रात ऊन तापलं. हैबतीची गाभण गाय चांदी कोरड्या हौदापाशी बसली, ती उठेचना. हैबतीचा तिच्यावर फार जीव. त्याने धावत जाऊन घागरभर पाणी आणलं, तर गावची सगळी तहानलेली गुरं मध्ये घुसली. चांदीच्या वाट्याला थेंबही आला नाही. हैबतीला रडूच कोसळलं. डोळे पुसून तो पुन्हा विहिरीकडे पळाला.

सातव्या घागरीला सारजाबाईने विचारलं, "भावजी, दंड भरताय की काय? ब्लफला तर दंड नाही ना?"

हैबतीने मान खाली घातली. "थापेचा भरतोय, वहिनी. कोंबडा आहे हे मला माहीत होतं. मी खोटं बोललो."

हे ऐकून जवळच बसलेला गवळी गुपचूप उठला आणि घागर घेऊन आला. मग शिंपी आला. बघता बघता विहिरीवर ही रांग लागली! दिवस मावळायच्या आत हौद भरला आणि चांदी पोटभर पाणी प्यायली.

रांगेत शेवटी धोतर खोचून, घागर घेऊन खुद्द पाटील उभे होते.

"पाटील, तुम्ही कशाला?" हैबतीने विचारलं.

"अरे, त्या दिवशी 'ठाऊक आहे मला' म्हणालो होतो ना," पाटील इकडेतिकडे बघत पुटपुटले. "सरक पुढे."

तात्पर्य एवढंच: थापेला इंग्रजी नाव दिलं तरी ती थापच असते, आणि न कळता मान डोलावणाऱ्यानेही आपल्या वाटणीची घागर उचलावी.