पाठीमागचा वारा

"पण चावी का देत नाही, ते तरी सांगाल?"

अभिराम दांडेकर तिसऱ्या सकाळी तोच प्रश्न विचारत होता. आवाज मात्र पहिल्या दिवसापेक्षा चांगलाच चढला होता.

दाऊदबाबांनी वर पाहिलं नाही. धक्क्यावर मांडी घालून ते दोराच्या टोकाला गाठ मारत बसले होते.

ग्रीसमधलं पेत्रालो हे एवढंसं बेट, तिथे दाभोळचा दाऊद होडेकर कुठून आला, असं कुणालाही वाटेल. चाळीस वर्षांपूर्वी तापाने फणफणलेल्या या खलाशाला जहाजाने इथे उतरवलं आणि जहाज पुढे निघून गेलं. तो राहिला तो राहिलाच. ग्रीक शिकला, संसार केला, बायकोला मातीही दिली. शिवी मात्र अजून दाभोळचीच देतो.

बेटावर होड्या भाड्याने देणारी एकच बाई, स्तामाता. दिवसभर होडी न्या, स्वतः चालवा, आसपासची बेटं बघा, संध्याकाळी आणून द्या. गाइड नाही, खलाशी नाही. अट एकच. दाऊदबाबांनी होकार दिला तरच चावी.

ही अट कशासाठी, ते ती सांगत नसे. विचारलं की छातीवर क्रूस काढायची आणि दुसऱ्या कामाला लागायची.

अभिरामने खिशातून कागद काढून बाबांच्या नाकासमोर धरला.

"हे बघा. नऊला निघायचं. पावणेदहाला आस्प्रो. तिथे पाण्यात डुंबायचं. साडेअकराला कावरी, तिथे जेवण. सहाला परत. काय राहिलंय यात?"

"सहाला परत," बाबा म्हणाले. "किती वेळात?"

"जायला लागेल तेवढ्याच! तीच तर वाट आहे."

बाबांचे हात थांबले.

"तीच वाट..."

आणि त्यांनी मान आडवी हलवली. झालं. तिसरा नकार.

अभिरामच्या अंगाचा तिळपापड झाला. पुण्यात साठ माणसं त्याच्या हाताखाली. होडी चालवण्याचा रीतसर कोर्स केलेला, सर्टिफिकेट खिशात. आणि हा लुंगीतला म्हातारा त्याला नापास करतो?

पण खरी आग वेगळीच होती. ती धक्क्याच्या टोकाला पाय खाली सोडून बसली होती. मुक्ता, त्याची बायको.

येताना विमानात ती शांतपणे म्हणाली होती, "पंधरा वर्षं तू ठरवतोस कुठे जायचं, आणि मी तुझ्या सामानासारखी मागून येते. आता पुरे. ही सहल संपली की मी नाशिकला दादाकडे जाणार. तिथून तुझ्याकडे परत यायचं की नाही, मला माहीत नाही."

त्याने हातापाया पडून एक दिवस मागून घेतला होता. फक्त आपण दोघं, समुद्र, मग ठरव. आपल्याला होडी हाकताना बघेल, तेव्हा तिला पटेल की या माणसाच्या भरवशावर राहता येतं, असं त्याच्या डोक्यात पक्कं बसलं होतं. उद्या दुपारचं विमान होतं. दिवस उरला होता तो हाच.

"बाबा," त्याचा आवाज एकदम उतरला, "माझं फार अडलंय हो."

दाऊदबाबांनी पहिल्यांदा त्याच्याकडे नीट पाहिलं. मग टोकाला बसलेल्या मुक्ताकडे पाहिलं.

"आस्प्रोपर्यंत मला ने. आणि परत आण. आणलंस, तर उरलेला दिवस तुमचा."

"तुम्ही येणार? मग गाइड नाही कसा?"

"मी गाइड नाही. मी सामान. सामान बोलत नाही."

तीन दिवसांत मुक्ता पहिल्यांदा हसली. अभिरामला ते हसू जरा टोचलंच.

...

स्तामाताने तिघांना जॅकेटं चढवली. मुक्ताच्या जॅकेटचे पट्टे तिने दोनदा ओढून पाहिले. मुक्ताला पोहता येत नव्हतं.

बाबांनी एक लाकडी पेटी होडीत ठेवली आणि तिच्यावर बसले. पण उलटे. पाठ समुद्राकडे, तोंड सुटत्या धक्क्याकडे.

"बाबा, तुम्ही उलटे का बसलात?" मुक्ताने विचारलं.

सामान बोललं नाही. थोडं सरकून त्याने तिला जागा करून दिली. ती क्षणभर घुटमळली, आणि त्यांच्याशेजारी तशीच उलटी बसली.

अभिराम चाकावर उभा होता. समोर मोबाइलवर नकाशा, नकाशावर निळा ठिपका. ठिपका दक्षिणेला सरळ रेषेत पळत होता.

काय होडी चालली होती! धक्का नाही, हिसका नाही. लोण्यातून सुरी जावी तशी. मुक्ताची ओढणी खांद्यावरून सरळ खाली लोंबत होती, टोकसुद्धा हलत नव्हतं.

पस्तीस मिनिटांत आस्प्रोचे पांढरे कडे डाव्या हाताला आले. कागदावर पंचेचाळीस लिहिली होती.

"काय बाबा! या दिवसांत मेल्तेमी उठतो, उत्तरेचा वारा, जपून राहा... तीन दिवस हेच ऐकतोय. कुठाय तुमचा मेल्तेमी?"

बाबा गप्प.

"अभि," मुक्ता म्हणाली, "लाटा आपल्याबरोबर येताहेत."

"बरोबरच येणार. आपल्याला ढकलताहेत त्या. फुकटचं इंजिन!"

"पेत्रालोच्या डोंगरावर टोपीसारखा ढग बसलाय. मघाशी नव्हता."

"ढग काय, बसतात."

आस्प्रो आलं. त्याने होडी थांबवली नाही. चढून गेला होता तो. कावरी तर ती काय समोर दिसत होती.

"आणखी वीस मिनिटं, की कावरी. बाबा, तुम्ही म्हणालात आस्प्रो, मी कावरी करून दाखवतो."

"अभि, परत फिरू या," मुक्ता म्हणाली.

"घाबरू नकोस गं. मी आहे ना."

त्याने वेग वाढवला. बाबांनी पेटीची कड दोन्ही हातांनी पकडली. बोलले काही नाहीत.

आस्प्रो मागे पडलं. आता होडीचं नाक मधूनच खाली जाऊ लागलं, मागची लाट तिला उचलून पुढे फेकू लागली. ओढणी अजूनही लोंबतच होती.

"अभि, मागे बघ."

"चाक सोडून मागे कसं बघू? नकाशा बघतोय मी."

"मागे बघ म्हणते ना!"

"मुक्ता, प्लीज..."

"पंधरा वर्षांत एकदा तरी मागे वळून बघ रे!"

ती ओरडली होती. मुक्ता कधी ओरडत नसे.

त्याने वळून पाहिलं.

मागचा समुद्र निळा नव्हताच. पेत्रालोपर्यंत पांढरा, उकळत्या भातासारखा. आणि तो सगळा त्यांच्याच मागे धावत येत होता.

अभिरामच्या तोंडचं पाणी पळालं. आणि घाबरलेला माणूस करतो तेच त्याने केलं. एका झटक्यात चाक फिरवलं.

होडी लाटेला आडवी झाली.

पाठीमागून होडीच्या बरोबरीने धावत होता म्हणून ज्या वाऱ्याचा इतका वेळ पत्ता नव्हता, तो कानफटात बसला. ओढणी फाडकन तोंडावर आली. पाण्याची भिंत आत शिरली, मोबाइल खोबणीतून उडून समुद्रात गेला, आणि मुक्ता ओल्या फळीवरून घसरत कडेला गेली.

त्याने एका हाताने तिच्या जॅकेटचा पट्टा पकडला. दुसरा हात चाकावर. कसंबसं होडीचं तोंड वाऱ्याकडे आलं. इंजिन खोकलं, पुन्हा धरलं.

"बाबा! काय करू? बाबा, सांगा ना!"

दाऊदबाबा गुडघाभर पाण्यात पेटीवर बसून होते. ओठ घट्ट मिटलेले. डोळे अभिरामवर नव्हतेच. मुक्तावर होते.

अभिरामनेही तिच्याकडे पाहिलं. ती थरथरत होती, केस तोंडावर चिकटले होते, पण नजर कुठेतरी लांब होती. मघापासून ती मागेच बघत बसली होती, हे त्याच्या आत्ता लक्षात आलं.

"मुक्ता... तुला काय दिसत होतं?"

"काय?"

"मागे! तू बघत होतीस ना... मी नव्हतो बघत. आपण कुठे जाऊ? तू सांग."

ती एक क्षण गोंधळली. हे शब्द त्याच्या तोंडून तिला ऐकायची सवय नव्हती. मग तिने हात लांब केला.

"आस्प्रोच्या अलीकडे. कड्याखाली. तिथलं पाणी काळं दिसतंय, पांढरं नाही. मघाशीपण नव्हतं."

"मला इथून दिसत नाहीये."

"मला दिसतंय. तू चालव."

ती पुढे सरकली, कठडा धरून उभी राहिली. मोठी लाट आली की ओरडायची, "आली!" तो इंजिन हळू करायचा, होडी वर चढायची, धाडकन खाली आदळायची. "थोडं डावीकडे. बस. सरळ. आली!"

जाताना दहा मिनिटं लागली होती तेवढ्या पाण्याला येताना दीड तास लागला. पेट्रोलचा काटा तळाला टेकला. अभिरामने एकदाही तिला, तुला खात्री आहे ना, असं विचारलं नाही. विचारायला श्वासच नव्हता.

...

कड्याखाली पाणी डबक्यासारखं स्थिर होतं. वारा डोक्यावरून, कड्याच्या माथ्यावरून घोंघावत जात होता.

नांगर टाकताना त्याची बोटं वळत नव्हती. मुक्ताने दोर त्याच्या हातातून घेतला आणि सोडला.

मग मात्र तो बाबांवर उसळला.

"तुम्हाला सगळं ठाऊक होतं! बुडालो असतो आम्ही. ही बुडाली असती! तुमच्या तोंडाला काय कुलूप होतं?"

बाबा उठले. पेटी उघडली. आत पेट्रोलचा डबा होता, एक जाड दोर आणि प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेला वायरलेस. त्यांनी वायरलेसवर स्तामाताला ग्रीकमध्ये दोन वाक्यं सांगितली. पलीकडून रडण्याचा आवाज आला, मग शिव्यांचा.

वायरलेस ठेवून ते पुन्हा पेटीवर बसले.

"बोललो होतो एकदा," ते म्हणाले. "ह्याच पाण्यात. स्तामाताच्या नवऱ्याला. मेल्याला आईबापावरून शिव्या घातल्या. हात धरला. चाकाला लोंबलो. तो हसत होता. म्हणाला, दाऊद, वारा आहेच कुठे...?"

त्यांनी वर कड्याकडे पाहिलं.

"मी पोहत ह्या कड्याला लागलो. तो नाही लागला."

मुक्ताने ओढणी पिळून म्हाताऱ्याच्या खांद्यावर टाकली.

"बाय, तू बघतेस," बाबा तिला म्हणाले. "चांगलं बघतेस."

अभिराम होडीच्या तळाशी बसला आणि दोन्ही हातांत तोंड घालून हमसाहमशी रडला. त्याला कुणी उगी केलं नाही.

...

संध्याकाळी वारा पडला. डब्यातलं पेट्रोल ओतून ते निघाले. चाकावर अभिराम, शेजारी मुक्ता. ती सांगत होती, तो चालवत होता. नकाशा नव्हताच.

धक्का आला तेव्हा उन्हं अजून डोंगराच्या माथ्यावर होती. स्तामाता तिथेच उभी होती. तिने मुक्ताला मिठी मारली, बाबांच्या नावाने बोटं मोडली, आणि अभिरामकडे बराच वेळ नुसती बघत राहिली. मग डोळे पुसत दुकानात गेली.

मुक्ता सकाळच्याच जागी, धक्क्याच्या टोकाला जाऊन बसली. पाठमोरी.

अभिरामने चावी काढली. "ही घ्या, बाबा. मी नापास."

बाबांनी चावी घेतली नाही.

तो होडीतच उभा राहिला. उद्या दुपारचं विमान. तिथून नाशिक, की पुणे? होडी परत आली होती. त्याला जे आणायचं होतं ते परत आलं होतं की नाही, त्याला कळत नव्हतं.

शेवटी तो बाबांच्या जवळ सरकला. मुक्ताला ऐकू जाऊ नये अशा आवाजात त्याने विचारलं,

"बाबा... ती येईल का हो माझ्याबरोबर?"

दाऊदबाबा अजून पेटीवरच बसले होते. उलटेच, तोंड समुद्राकडे करून.



"मला काय विचारतोस, पोरा? मी सामान."