फोडलेला गुलाबजाम

ताटाकडं असं बघू नका, पाव्हणं. गुलाबजाम उष्टा नाही, फोडलेला आहे. आमच्या वाडीत अख्खा गुलाबजाम कुणाच्या ताटात येत नाही, मग जावई येवो नाहीतर मंत्री. का ते सांगतो, पण मध्ये बोलायचं नाही. मला खपत नाही.

झुंबरबाई म्हणून एक बाई इथं होऊन गेली, असं सांगतात. तिची एकुलती लेक शेवंता. तिला नवऱ्यानं वर्षभर माहेरी टाकली होती. एक दिवस जावयाचा निरोप आला: दहा माणसं घेऊन जेवायला येतो, पाहुणचार मनासारखा झाला तर बायकोला घेऊन जातो. झालं, झुंबरबाईला दुसरं काही सुचेना. गुलाबजामच करायचे, आणि हात धुवेपर्यंत वाढायचे, असं तिनं ठरवलं.

खव्याला दूध किती लागतं ते चुलीपुढं बसल्याशिवाय कळत नाही. घरात म्हैस एकच, नुकती व्यालेली. बाई रेडकाला नुसतं तोंड लावू द्यायची, म्हैस पान्हवली की त्याला ओढून खुंट्याला बांधायची आणि चारही सड शेवटच्या थेंबापर्यंत पिळायची. पाच दिवस हेच चाललं.

शेवंता म्हणाली, "आई, एक सड तरी सोड त्याला."

"तू आधी नांदायला जा," आई म्हणाली. "रेडकाचं मग बघू."

सहाव्या दिवशी खवा मळला, गोळे मंद आचेवर तुपात तळले, वेलदोड्याच्या पाकात सोडले. असे टम्म फुगले म्हणे, की शेजारणी बघायला आल्या. पंगत बसली. जावयानं पहिला गुलाबजाम बोटांनी फोडला आणि त्याचा हात तसाच राहिला. आत लाल. केशर नव्हे, ओलं रक्त. शेजारच्यानं आपला फोडला, तोही तसाच. अकराही ताटांत तेच निघालं.

तेवढ्यात गोठ्यात म्हैस रेकायला लागली. सगळे धावले. रेडकू खुंट्याशी मरून पडलं होतं. दाव्याचं टोक त्याच्या तोंडात होतं, चोखून चोखून पांढरं पडलेलं.

शेवंता एवढंच म्हणाली, "मी नांदावं म्हणून तिचं लेकरू मारलंस, आई."

जावई न जेवता गेला. पुढं तो न्यायला आला तेव्हा शेवंतानंच नाही म्हटलं. झुंबरबाईनं म्हशीच्या पायांवर डोकं ठेवून शपथ घेतली: या वाडीत एक सड रेडकाचा राहील, आणि गुलाबजाम घरच्या बाईनं स्वतः फोडून, आत बघून मगच वाढायचा.

आजही आमची ही पहिला गुलाबजाम फोडताना डोळे मिटून घेते. मी "पांढरा हाय" म्हटलं की उघडते. गेल्या दिवाळीला गंमत म्हणून मी जरा गप्प राहिलो. तिच्या हातातलं पातेलं सुटलं, आणि ती तशीच गोठ्याकडं पळाली.